बोलून आणि लिहून चालणारी जादू: कित्येक महिने टेबलवर खेळल्यानंतरचा अनुभव

आमचा टेबलटॉप ग्रुप आहे, म्हणजे टेबलाभोवती बसून एकेक पात्र (कॅरेक्टर) घेऊन गोष्ट खेळणारे आम्ही काही जण, आणि त्यातल्या गेम मास्टरने, म्हणजे गोष्ट चालवणाऱ्या आणि निवाडा देणाऱ्याने, स्वतः बसवलेली जादूची सिस्टीम आम्ही गेले कित्येक महिने खेळतोय, नव्याची नवलाई केव्हाच संपलीये आणि तरी कोणालाच जुन्या मंत्रांच्या यादीकडे परत जायचं नाहीये, म्हणून म्हटलं आता सविस्तर लिहावं. यात तयार मंत्र नाहीतच. खेळाडूने वाक्य बनवायचं, तिथल्या तिथे, मराठीत, आणि गेम मास्टर त्याचा शब्दशः अर्थ लावणार.

कल्पना तशी जुनी आहे. 1987 साली आलेल्या आर्स मॅजिका या अशाच टेबलटॉप खेळामध्ये पाच क्रिया आणि दहा विषय आहेत, त्यातला एक-एक उचलून जोडला की मंत्र, म्हणजे 50 जोड्या. आमच्याकडे त्याच्या पुढे जाऊन सगळा भार व्याकरणावर टाकलाय. क्रियापदं महाग, सुरुवातीला मोजकीच मिळतात, नामं मात्र डोळ्यांसमोर जे दिसतंय ते सगळं फुकट. भूतकाळ कोणालाच नाही, नाहीतर "राजा मेला" म्हटलं की खेळ खलास. बोलताना आज्ञार्थ किंवा विध्यर्थ वापरायचा, संकेतार्थ म्हणजे जर-तर फक्त लिहिणाऱ्यांना. नकाराला दुप्पट ताकद लागते.

बोललेला मंत्र टिकतो कधीपर्यंत, तर बोलणारा पुढचा शब्द उच्चारेपर्यंत. मला विचाराल तर अख्ख्या सिस्टीममधला सर्वात भारी नियम हाच. एकदा अरुंद खिंडीत वरून दरड सुटली आणि आमच्यातली एक जण पटकन बोलून गेली, "दगडांनो, थांबा." संबोधन, अनेकवचन. दरड थांबली, पण आमच्याच गोफणीतून सुटलेला धोंडासुद्धा शत्रूच्या कपाळापासून हातभर अंतरावर हवेत थांबला, कारण तोही दगडच ना. आता तिने गप्प राहायचं, कॅरेक्टरनेही आणि खेळाडूनेही, बाकीचे एकेक करून खिंडीतून निघतायत, ती ओठ घट्ट दाबून हाताने खुणा करतेय, आणि गेम मास्टर शत्रूच्या सरदाराच्या तोंडून तिला विचारतोय, नाव काय तुझं, कोणी पाठवलं, तुझी माणसं तुला सोडून चालली बघ. शेवटचा माणूस बाहेर पडेपर्यंत ती बोलली नाही. असा ताण मला फाशांच्या कुठल्याही आकड्याने कधी दिलेला नाही.

शिवाय कोणाला काय म्हणून हाक मारता यालाही किंमत आहे. विस्तवाला "विझ रे" म्हटलेलं चालतं, पण नदीला "अगं थांब" म्हटलं तर ती ऐकेलच असं नाही, "आपण क्षणभर थांबावं" म्हटलं की पाणी खरंच ओसरतं, आणि जुनी झाडं तर एकेरी हाकेला ओ देतच नाहीत. हे अरे-तुरे आणि अहो-जाहो आपल्या हाडीमाशी खिळलेलं असल्यामुळे समजावून सांगावंच लागत नाही, नवीन आलेला माणूसही पहिल्याच डावात बरोबर बोलतो.

लिखाणाची गोष्ट वेगळी. लिहिलेला मंत्र अक्षरं शाबूत आहेत तोवर जागा असतो आणि तो बदलायला मूळ लिहिणाराच लागतो असं नाही, वाचता-लिहिता येणारा कोणीही चालतो. आमच्याकडे याला सरळ "ध चा मा करणं" म्हणतात, 1773 मध्ये नारायणराव पेशव्यांचा खून झाला तेव्हाच्या धरावे-मारावेच्या आख्यायिकेवरून. एका दरवाज्यावर कोरलेलं होतं, "जर कोणी आत आला तर तो मरावा." आमच्यातल्या एकाने फक्त म काढून त्या जागी त कोरला. तरावा! मग जखमी साथीदाराला त्याच दारातून आत ढकललं आणि तो बरा होऊन उभा राहिला. जुन्या इजिप्तमध्ये काही थडग्यांच्या भिंतींवर सापाचं चिन्ह मुद्दाम तुटलेलं कोरत, ते जिवंत होऊन मृताला त्रास देऊ नये म्हणून. आमच्या गेम मास्टरने तेही उचललंय, त्यामुळे प्राण्याचं नाव लिहिताना आम्ही दहादा विचार करतो.

बोलण्यात गफलत झाली तर काय होतं याचा नियम इंद्रशत्रूच्या कथेवरून आलाय. त्वष्ट्याला इंद्राला मारणारा मुलगा हवा होता, यज्ञात "इंद्रशत्रू" हा शब्द तोच उच्चारला गेला पण स्वर भलत्या जागी पडला, तत्पुरुष समासाचा बहुव्रीही झाला, आणि जन्मलेला मुलगा वृत्र हा इंद्राला मारणारा न होता इंद्राच्या हातून मरणारा ठरला. म्हणून आमच्याकडे मंत्र फसून विरून जात नाही, तो दुसऱ्या अर्थाने खरा होतो. हे मला फार आवडतं, कारण त्यातून नवीन कथानक निघतं, नुसता एक टर्न वाया जात नाही.

आता त्रासाचं. ज्याची जीभ सैल त्याचं राज्य, हे सुरुवातीला फार झालं, दोघं-तिघं बोलके आणि बाकीचे प्रेक्षक. अर्थावरून वाद होतात आणि तेही लांबतात, "वारा यावा" मध्ये किती वारा, कुठून, यावर एकदा अख्खं सेशन गेलं. वाळूचं घड्याळ ठेवल्यावर वाद आटोक्यात आले, पण घाईने बोलायचं म्हटलं की बुजऱ्या माणसाची अजूनच पंचाईत होते, त्याला ते घड्याळ म्हणजे शिक्षाच. त्यावर उपाय मिळाला तो लिखाणात. आमच्यातला सर्वात अबोल मुलगा लेखक झाला, दोन सेशनच्या मधल्या दिवसांत शांतपणे जर-तरची वाक्यं रचून आणतो, कुठे स्वल्पविराम, कुठे कोणती विभक्ती, सगळं तपासून, आणि आज आमच्यात त्याच्याइतकं ताकदवान कोणी नाही. मोठे बेत आता त्याला विचारल्याशिवाय ठरत नाहीत.

कोणाला वापरून बघायची असेल तर पहिले काही डाव फक्त बोलणं ठेवा, तीन क्रियापदं पुरे, आणि त्यात "मर" नको, "उघड", "थांब", "ये" अशी साधी द्या. सर्वनामं सुरुवातीला बंदच ठेवा, कारण "त्याला थांबव" मधला तो नेमका कोण हे ठरवण्यात वेळ जातो. जर-तर सगळ्यांची जीभ बसल्यावर आणा, आणि कोरलेलं प्रत्येक वाक्य वहीत अक्षरशः जसंच्या तसं उतरवून ठेवा, ऱ्हस्व-दीर्घासकट, कारण पुढे कधीतरी कोणीतरी त्यातलं एक अक्षर बदलायला येणारच आहे.