‘नॉट फिट’च्या पलीकडे: कास्टिंगचा एक ऑनलाइन कोर्स

अकरा वर्षं मी कॅमेऱ्यासमोर उभी राहून नाव आणि उंची सांगत आलेय. डावी बाजू, उजवी बाजू, हात दाखवा, थँक यू. त्या थँक यूपासून ‘नॉट फिट’पर्यंत (म्हणजे भूमिकेत बसत नाही) टेबलापलीकडे काय चालतं, या एका कुतूहलापायी हा कोर्स घेतला. आठ भाग, सगळे रेकॉर्ड केलेले. शिकवणाऱ्या बाई कास्टिंग डिरेक्टर, म्हणजे भूमिकांसाठी नट निवडणाऱ्या, म्हणून निवृत्त झालेल्या.

पहिले दोन भाग पळवलेत तरी चालेल. हेडशॉट (चेहऱ्याचा फोटो) कसा हवा, सेल्फ टेपला (स्वतःच रेकॉर्ड करून पाठवायच्या ऑडिशनला) उजेड कुठून घ्यावा, हे आपल्याला पाठच असतं. तिसऱ्यापासून बाई कामाला हात घालतात. संहिता वाचून प्रत्येक पात्राचं ब्रेकडाउन (ते पात्र कसं आहे याचं टिपण) काढायचं, अगदी दोन ओळींच्या वॉचमनचंसुद्धा. मग याद्या, ऑडिशन, कॉलबॅक (निवडक नटांना पुन्हा बोलावणं), दिग्दर्शकाची पसंती, निर्मात्याची पसंती आणि शेवटी तारखा. कितीतरी नावं अभिनयावर नव्हे, तारखांवर गळतात म्हणे. माझे जुने तीन-चार नकार एकदम हलके झाले. (माझ्या बाबतीत कारण तेच होतं असं नाही, पण आता मी तेच धरून चालणार.)

चौथ्या भागासाठी मात्र अख्खा कोर्स घ्यावा. बाई एकाच मुलाचे दोन टेक लावतात. ओळी त्याच, बदललंय फक्त क्यू देणारं, म्हणजे समोरच्या पात्राच्या ओळी वाचणारं माणूस. पहिल्यात कुणीतरी कागदात डोकं खुपसून सपाट वाचतंय आणि मुलगा प्रत्येक वाक्यानंतर जमिनीकडे बघतो. दुसऱ्यात बाई स्वतः वाचतात. ‘कुठं होतास?’ एवढंच विचारतात आणि थांबतात. मुलगा तोंड उघडतो, मिटतो, मग उत्तर देतो. तो थाप मारतोय हे आपल्याला कळतं, आणि तसं संवादात कुठंही लिहिलेलं नाही. हा तुकडा मी पाच वेळा पाहिला. मला आजवर क्यू देणारे बहुतेक पहिल्या जातीचे होते, हे तेव्हा लक्षात आलं.

इतिहासाचा भागही झकास. मेरियन डॉहर्टी या न्यूयॉर्कच्या कास्टिंग डिरेक्टर नटांच्या नोंदी कार्डांवर ठेवायच्या. ‘नेकेड सिटी’ मालिकेत जॉन व्हॉइटचं काम पार फसलं होतं, तरी ‘मिडनाइट काउबॉय’साठी (१९६९) त्याचं नाव त्यांनीच लावून धरलं. त्या चित्रपटाच्या श्रेयनामावलीत डॉहर्टींचं नाव मात्र नाही! कास्टिंग डिरेक्टर लिन स्टालमास्टर यांना १९६८ साली ‘द थॉमस क्राउन अफेअर’मध्ये पडद्यावर स्वतंत्र पाटी मिळाली, तीसुद्धा अपूर्वाईची गोष्ट होती. कास्टिंगला ऑस्करचा स्वतंत्र विभाग मिळाला तो थेट २०२५ च्या चित्रपटांपासून. वेशभूषेला तो १९४० च्या दशकातच मिळाला होता.

आता तक्रारी. ऑडिशनच्या नावाखाली चालणाऱ्या त्रासावर जेमतेम दीड मिनिट. कास्टिंगवाल्याचे पैसे निर्मिती संस्था देते, नटाकडून ‘नोंदणी फी’ मागणारा सरळ भामटा समजावा, हे बाई सांगतात. पण अवेळी, एकटीला भेटायला बोलावलं तर काय करायचं? त्यावर चक्क विषय बदलतात. इतकी वर्षं त्या खोलीत बसलेल्या माणसाला हे ठाऊक नसेल, हे मला पटत नाही.

दुसरी तक्रार गृहपाठाची. कुठल्याही चित्रपटातला दोन ओळींचा नट निवडा आणि डॉहर्टींसारखं त्याचं कार्ड लिहा, असं काम होतं. मी एका बस कंडक्टरचं लिहिलं: ‘सुटे पैसे मोजताना ओठ हलतात. मध्ये कुणी बोललं तर पुन्हा पहिल्यापासून मोजतो. बाप म्हणून चालेल, खुनी म्हणून त्याहून बरा.’ आठवड्यात अभिप्राय देऊ असं कबूल केलं होतं. सहा आठवडे झाले. दोनदा विचारलं, तर उत्तर आलं, ‘आम्ही कळवू.’