३०७ की ३२६? एक घाव खाल्लेल्या माणसाचं मत

कलम फिर्यादी लावत नाही, पोलीस लावतात आणि शेवटी कोर्ट ठरवतं, हे तुम्हाला माहीत असेलच. पण हाणामारी झाल्यावर रात्री घरात जी बैठक बसते ना, "३०७ लागलाच पायजे" (म्हणजे जुन्या दंड संहितेतलं खुनाच्या प्रयत्नाचं कलम; ३२६ म्हणजे हत्याराने जबर दुखापत), त्यात आपल्याला एवढंच ठरवायचं असतं की त्या कलमामागे किती धावायचं. मी धावलोय, म्हणून लिहितोय.

घटना १ जुलै २०२४ किंवा त्यानंतरची असेल तर नंबर बदललेत. खुनाचा प्रयत्न म्हणजे आता बीएनएसचं (भारतीय न्याय संहिता, नवा कायदा) १०९ आणि हत्याराने जबर दुखापत म्हणजे ११८(२). पण आमच्या देवगडकडे अजून ३०७ आणि ३२६ च चालतं आणि माझी केसही जुन्या कायद्यातली, तेव्हा मी तेच म्हणणार.

फरक कागदावर सोपा आहे. ३०७ ला जखम लागतच नाही, गोळी झाडली आणि नेम चुकला तरी ३०७, कारण सगळा भार इराद्यावर. ३२६ मध्ये जीव घ्यायचा होता का हे सिद्ध करायची गरज नाही, मुद्दाम मारलं, हत्यार धोकादायक, हाड मोडलं, झालं काम. हाडच कशाला, दात पडला तरी कायद्याने ती जबर दुखापतच.

आमचं वाजलं गडग्यावरून, म्हणजे हद्दीच्या दगडी कुंपणावरून, भावकीतल्याच एकाशी. मे महिना, तो काजूच्या बागेत झाडोरा साफ करत होता, बोलाचाली वाढली आणि कमरेच्या आकडीतली कोयती काढून एक घाव घातला, माझ्या डाव्या हातावर, मनगटाच्या चार बोटं वर. एक्सरेत हाड मोडलेलं स्पष्ट दिसत होतं. फिर्याद देताना लिहून घेणाऱ्याने आपल्या मनानेच घातलं, "मला जीवे ठार मारण्याच्या उद्देशाने". मी असं बोललो नव्हतो. पण हात ठणकत होता, डोकं तापलेलं होतं, वाक्य वाचून खरं सांगायचं तर बरंच वाटलं, आणि उजव्या हाताने सही ठोकली.

ह्या एका वाक्याने मला जेवढं पिडलं तेवढं कोयतीनेही नाही.

३०७ म्हणजे सेशन केस, म्हणजे आधी तालुक्याच्या कोर्टातून कमिट होऊन (वर सोपवली जाऊन) ओरोसला, जिल्ह्याच्या सेशन कोर्टात जाणार. गेली. तिथे आरोप ठेवायच्या वेळी त्याच्या वकिलाने चारच गोष्टी मांडल्या, घाव एकच, तोही हातावर, दुसरा घालताना अडवायला कोणी नव्हतं, आणि कोयती त्याने आणली नव्हती, ती बागेत काम करणाऱ्याच्या कमरेला असतेच. आमच्या काकीने हेच पहिल्या रात्री विचारलं होतं, "मारूचाच होता तर दुसरो घाव कशाक नाय घातल्यान?" आम्ही तिला गप्प केलेलं. ३०७ गळलं, ३२६ राहिलं आणि केस परत खाली मॅजिस्ट्रेटकडे. ह्या वर-खाली करण्यात दोन पावसाळे गेले.

बरं, तिथेही संपलं नाही. उलटतपासणीत मला विचारलं, ठार मारण्याच्या उद्देशाने हे तुम्ही सांगितलं होतंत का. शपथेवर होतो, नाही म्हटलं. लगेच पुढचा प्रश्न, मग फिर्यादीत अजून काय काय तुम्ही सांगितलेलं नाही? म्हणजे खऱ्या घावावरच संशय. एक्सरे आणि डॉक्टरांची साक्ष भक्कम होती म्हणून ३२६ तरलं.

आता दुसरी बाजूही सांगायला हवी. जखम जीवघेणी नव्हती म्हणून ३०७ लागतच नाही असं कोणी सांगितलं तर ते चूक. सुप्रीम कोर्टाने १९८३ सालीच महाराष्ट्र सरकार विरुद्ध बळराम बामा पाटील ह्या केसमध्ये ते स्पष्ट केलंय. घाव डोक्यावर, मानेवर किंवा पोटात असेल, वार एकावर एक केले असतील, वाटेत दबा धरून बसला असेल, किंवा लोकांनी ओढून काढला म्हणूनच थांबला असेल, तर १०९ साठी जरूर भांडा, माझी केस तुम्हाला लागू नाही. हातापायावर एकच घाव असेल तर मात्र, वकील तुमचा, निर्णय तुमचा, पण मी असतो तर ११८(२) वर थांबलो असतो. शिक्षेची कमाल मर्यादा दोन्हीकडे जन्मठेपच आहे, हे त्या रात्रीच्या बैठकीत कोणालाच माहीत नव्हतं.

आणि भावकी आहे, उद्या तडजोडीची वेळ येऊ शकते. दोन्ही कलमं आपसात मिटत नाहीत, केस रद्द करून घ्यायला हायकोर्टातच जावं लागतं (ऑगस्ट २०२५ पासून आम्हा सिंधुदुर्गवाल्यांना मुंबईऐवजी कोल्हापूर, तेवढी सोय झाली). पण खुनाचा प्रयत्न हा समाजाविरुद्धचा गंभीर गुन्हा धरतात, त्यामुळे तिथे नुसत्या "आमचं मिटलं" वर सहसा भागत नाही.

माझा चुलतभाऊ अजून ३०७ च्याच बाजूचा. तो म्हणतो, घाव घालणारा आत होता तेवढे दिवस गडग्याचा एक दगड हलला नाही. ते खरंय. फक्त ३२६ पण अजामीनपात्रच आहे, हे मी त्याला दर शिमग्याला सांगतो.