सोनघंटेचं रोप: घेण्याआधी पान बघा

सोनघंटा हे झुडूप मूळचं महाराष्ट्रातल्या सह्याद्रीतलं, इतरत्र जंगलात सापडत नाही. शास्त्रीय नाव अब्युटिलॉन रानडेई. आंबा घाट हा त्याचा जुना पत्ता. हिवाळ्यात लोंबणाऱ्या पिवळ्या-केशरी घंटा, त्यावर तांबड्या शिरा.

रोपवाटिकेतलं रोप तब्येतीला चांगलं आहे. उंची दीड फूट, मुळं पिशवीत गुंडाळलेली नाहीत. पण त्याच रांगेत दक्षिण अमेरिकेतलं अब्युटिलॉन पिक्टमही 'सोनघंटा' म्हणून ठेवलेलं दिसतं. फूल नसताना पान बघा. आपल्याकडच्याचं पान हृदयाकृती, टोकदार, मखमली लवेचं. परदेशीचं खंडित, म्हणजे पंज्यासारख्या खोल खाचांचं, मेपलसारखं. एवढं तरी विक्रेत्याने सांगायला हवं.

कुंडी १४ इंची, तळाला भोकं मोकळी. दोन भाग माती, एक भाग शेणखत, एक भाग जाड वाळू. पावसाळ्यात पाणी साचलं की खोड जमिनीलगत कुजतं; बहुतेक रोपं तिथेच जातात. पिठ्या ढेकूण (कापसासारखी पांढरी कीड) आला तर कडुनिंबाचं तेल, लिटरला ५ मिली, थोड्या साबणासह, संध्याकाळी फवारावं.

सोबतच्या बियांची पुडी मात्र अपुरी: कवच कठीण, ते घासून घ्या ही सूचनाच नाही. रोप जंगलातून उपटलेलं नाही ना, हे विचारूनच घ्या.