1616 सालचं रामदरबार नाणं आणि माझे साडेअठ्ठावन्न हजार

परवा मावसभावाने फोनमध्ये एक फोटो दाखवला. पितळी नाणं, त्यावर रामदरबार, अंगभर कुंकवाचा थर. "दादा, तू बँकेत होतास. सांग ना, घ्यावं का?" माझ्या पोटात गोळाच आला. असंच नाणं माझ्या कपाटात पडलंय, साडेअठ्ठावन्न हजारांचं. आजवर घराबाहेर कुणाला बोललो नव्हतो. तीस वर्षं कॅश काउंटरला बसलेला माणूस नाण्यात फसला हे कुठल्या तोंडाने सांगायचं? पण आता घरातलाच दुसरा बकरा व्हायला निघाला म्हटल्यावर लिहायलाच हवं.

नाणं घेऊन आलेला माणूस परका नव्हता. आमच्या भजनात वर्षभर टाळ धरायचा. रामनवमीच्या आठवड्यात संध्याकाळी घरी आला. गावाकडच्या आत्याच्या देवघरातलं नाणं, पाच पिढ्या पूजेत, आता आत्याचं ऑपरेशन, म्हणून द्यायचं. भलत्याच्या हाती जायला नको, तुमच्यासारख्या घरात गेलं तर बरं. लाल फडक्यातून डबी काढली, आधी स्वतः कपाळाला लावली, मग हिच्याकडे ताम्हन मागितलं.

खिशातल्या पुडीतल्या अक्षता त्याने ताम्हनात पसरल्या. नाणं दोन बोटांत धरून हळूहळू खाली आणलं. बोटभर अंतरावर असताना चार-पाच दाणे टुणकन उडून नाण्याला चिकटले. हिने हात जोडले. खोटं कशाला बोलू, मीही जोडले.

तरी एकदा म्हटलं, आमच्या डब्यातला तांदूळ घेऊन बघू. गडी जराही गडबडला नाही. "काका, तुमचा पॉलिशचा तांदूळ. त्यात जीव कुठाय?" आणि मला ते पटलं! वर एक अट: नाणं धुवायचं नाही, कुंकू खरवडायचं नाही, सत्त्व जातं.

नोट हातात आली की मी ती उजेडात धरायचो, बोटाने चाचपायचो. इथे चष्मासुद्धा लावला नाही. देवाच्या वस्तूची पारख करणं म्हणजे पाप, हे त्याने एक अक्षर न बोलता आमच्या डोक्यात घातलं होतं. लोभ नव्हता असंही नाही. हे 'राइस पुलर', म्हणजे तांदूळ ओढून घेणारं नाणं आहे, परदेशी कंपन्या उपग्रहासाठी घेतात, मुंबईची पार्टी चाळीस लाख देईल, हे ऐकताना मी मनात घराला रंग लावून मोकळा झालो होतो. चाळीस हजार रोख दिले.

आठवड्याने 'पार्टी'चा फोन. केमिकल टेस्टिंगचे 18,500 ऑनलाइन भरा. भरले. मग व्हॉट्सअ‍ॅपवर रिझर्व्ह बँकेच्या नावाचं, शिक्का मारलेलं पत्र आलं: विक्रीआधी कराचे 32,000. तिथे मात्र बँकेतलं जुनं रक्त जागं झालं. जुन्या नोटा-नाण्यांच्या व्यवहारासाठी आम्ही कुणाकडेही शुल्क वा कमिशन मागत नाही, असं रिझर्व्ह बँकेने 4 ऑगस्ट 2021 ला जाहीरच केलं होतं. पत्रक वाचलेलं होतं, पण वेळेवर आठवायला हवं ना.

त्या रात्री मोरीत बसून नाणं चिंचेने घासलं. कुंकू उतरल्यावर काठाला नखाला लागणारी रेघ दिसली. पितळेच्या दोन चकत्या जोडून मध्ये पातळ चुंबक घातलेलं. ताम्हनाच्या काठाशी चार अक्षता राहिल्या होत्या, हिने त्या देवघरात जपून ठेवल्या होत्या. त्यांना फ्रिजवरचं चुंबक लावलं, तर झटकन चिकटल्या. कुंकवात लोखंडाचा कीस कालवलेला. डब्यातला तांदूळ जागचा हलला नाही.

मागच्या बाजूला इंग्रजीत 'ईस्ट इंडिया कंपनी, हाफ आना, 1616'. नाणी जमवणारे एक परिचित हे बघून हसतच सुटले. 1616 साली मुघल तख्तावर जहांगीर. इंग्रजांचा वकील थॉमस रो त्याच्या दरबारात व्यापाराच्या सवलती मागत उभा. मुंबई बेट कंपनीकडे आलं 1668 मध्ये. तिने अर्ध्या आण्यावर रामराया छापायचा कुठून? कंपनीचा खरा अर्धा आणा तांब्याचा, 1835 चा, त्यावर सिंहांची ढाल. रामदरबाराची अशी 'कंपनीची नाणी' 1616, 1717, 1818 असं हवं ते साल घालून आजही पाडतात. यांना नाणं म्हणणंसुद्धा चूक, टाकसाळीने ती कधी काढलीच नाहीत.

गंमत अशी की याला एक खरा पूर्वज आहे. रामटंका. देवस्थानाजवळ पूजेसाठी मिळायचे ते शिक्के: एका बाजूला रामदरबार, दुसऱ्या बाजूला धनुष्य घेतलेले राम-लक्ष्मण. चलन म्हणून ते कधी फिरले नाहीत, देवघरात राहिले. बऱ्याच जणांवर खोटंच जुनं संवत घातलेलं असतं, पण त्यात कुणाची फसवणूक नव्हती. अकबराने 1604-05 च्या सुमारास राम-सीतेचं नाणं खरोखर पाडलं होतं, पण ते हाताच्या बोटांवर मोजण्याइतकंच उरलंय. आणि शंभर वर्षांवरची वस्तू खरी असली, तरी 1972 च्या पुरावशेष कायद्याने खाजगी माणसाला ती परदेशी पाठवता येत नाही. म्हणजे 'परदेशी पार्टी' हा शब्द ऐकला तेव्हाच उठायला हवं होतं.

सायबर फसवणुकीच्या 1930 या हेल्पलाइनवर फोन केला, पण नऊ दिवसांनी. तोवर 18,500 तीन खात्यांतून फिरून निघून गेले होते. पहिल्या काही तासांत केला असता तर कदाचित अडवता आले असते, असं तिकडून सांगितलं. रोख दिलेल्याचा तर पुरावाच नाही. पोलिसांत लेखी तक्रार दिली आहे. टाळवाला भजनाला येत नाही, फोनही बंद.

मावसभावाने 5,000 टोकन देऊन ठेवलंय. येत्या रविवारी त्याचा नाणंवाला अक्षता दाखवायला येणार आहे. मी भावाला सांगितलंय, प्रयोग आमच्याकडे करायचा म्हणाव, तांदूळ आमच्या डब्यातला. फ्रिजवरचं चुंबक काढून खिशात ठेवलंय.