पंधरा वर्षांच्या वॅगनआरला नवी बॅटरी : नागपूरचा उन्हाळा काढल्यानंतरचा अनुभव

आमची वॅगनआर २०१० सालची, एक हजार सीसी पेट्रोल. पंधरा वर्षं झाल्यावर आरटीओत पुन्हा पासिंग करून घेतलं, पर्यावरण कर भरला आणि आणखी पाच वर्षं हीच गाडी वापरायची असं घरात ठरलं. गाडी मुख्यतः बाबा चालवतात. भाजीबाजार, बँक, दवाखाना. एका फेरीत चार-पाच किलोमीटरच्या वर क्वचितच जाते आणि मध्ये चार-चार दिवस दारात उभी असते. मार्चमध्ये तिला नवी बॅटरी घातली. तेव्हापासून इथला अख्खा उन्हाळा, पावसाळा आणि आता डिसेंबरची थंडी त्या बॅटरीने पाहिली आहे, तेव्हा आता तिच्याबद्दल बोलायला हरकत नाही.

जुन्या गाडीला बॅटरी घ्यायची म्हटलं की बहुतेकांची गाडी ‘एक्साइड की अ‍ॅमरॉन’ इथेच अडते. माझ्या मते हा प्रश्न बराच नंतरचा आहे. आधी बघायचं ते हे की जुनी बॅटरी आपणहून गेली की गाडीनेच ती संपवली. आणि मग दुकानात मिळणारी बॅटरी किती ताजी आहे. या दोन गोष्टी नीट झाल्या की कंपनीच्या नावाने फार फरक पडत नाही, असं मी आता खात्रीने म्हणू शकतो.

आधीची बॅटरी दोनच उन्हाळे टिकली. सकाळी सेल्फ मारला की नुसती टकटक. बॅटरीच्या दुकानात लोड टेस्टर लावला, काटा झपकन खाली आला आणि ‘गेली, नवी टाका’ एवढं ऐकून आम्ही परत आलो. बॅटरी गेली होती हे खरंच होतं. पण ती का गेली हे कोणी बघितलं नव्हतं, आणि ते न बघता नवी टाकली असती तर दोन वर्षांनी पुन्हा हेच झालं असतं. म्हणून गाडी ढकलून चालू केली आणि ओळखीच्या ऑटो इलेक्ट्रिशियनकडे नेली.

त्याने पहिल्यांदा इंजिन चालू ठेवून बॅटरीच्या टर्मिनलवर मीटर धरला. १४.२ व्होल्ट. हेडलाइट, पंखा, एसी सगळं लावलं तरी १३.८. म्हणजे अल्टरनेटर, इंजिन चालू असताना बॅटरी भरणारा भाग, ठणठणीत. हा आकडा साधारण १३.८ ते १४.५ च्या दरम्यान हवा. कमी असेल तर बॅटरी कधीच पूर्ण भरत नाही, आणि जास्त असेल तर आतलं पाणी उडतं नि प्लेटा लवकर खराब होतात. जुन्या गाडीत हे न तपासता नवी बॅटरी घेणं म्हणजे पैसे पाण्यात.

मग खरी तपासणी. गाडी बंद, किल्ली काढलेली, दारं लावलेली. त्याने निगेटिव्हची केबल सोडवली आणि केबल नि टर्मिनल यांच्यामध्ये मीटर जोडला, अँपिअरच्या दहावाल्या सॉकेटमध्ये. असा मीटर जोडलेला असताना सेल्फ मारायचा नाही, मीटरचा फ्यूज उडतो. थोडा वेळ थांबला. आकडा ०.१८ वर स्थिर राहिला. बंद गाडी १८० मिलिअँपिअर खात होती! चांगल्या जुन्या गाडीत हा आकडा पन्नासच्या आत असतो. मग तो एकेक फ्यूज काढत गेला. घड्याळाचा काढला, काही नाही. सेंट्रल लॉकचा काढला, जेमतेम हलला. स्टीरिओचा काढला आणि आकडा एकदम ०.०३ वर आला. मागे कधीतरी बाहेरून बसवलेल्या स्टीरिओच्या अ‍ॅम्प्लिफायरची वायर किल्लीवर न घेता थेट बॅटरीवर जोडलेली होती.

हिशेब सोपा आहे. ०.१८ अँपिअर गुणिले चोवीस तास म्हणजे दिवसाला सव्वाचार अँपिअर-आवरच्या वर. आमची बॅटरी ३५ अँपिअर-आवरची, म्हणजे चार दिवसांत निम्मी रिकामी. आणि बाबांची गाडी नेमकी चार-चार दिवस उभी असते. लेड-अ‍ॅसिड बॅटरी अशी अर्धवट रिकामी पडून राहिली की प्लेटांवर सल्फेटचा थर घट्ट बसतो आणि तो नंतर चार्ज करून पूर्ण निघत नाही. वायर नीट जोडल्यावर तीच बॅटरी निम्मी व्हायला तीन आठवड्यांहून जास्त लागतात. या दुरुस्तीला लागले ते पैसे नव्या बॅटरीच्या किमतीपुढे काहीच नव्हते.

त्याच बैठकीत इंजिन नि बॉडी यांच्यामधली अर्थिंगची पट्टी काढून घासून बसवली. जुन्या गाडीत ही पट्टी गंजते, स्टार्टरला करंट कमी मिळतो आणि दोष मात्र बॅटरीच्या माथी जातो.

आता निवडीकडे. आमच्या गाडीची बॅटरी ३८ बी २० एल. यातला पहिला आकडा ताकदीचा दर्जा, बी म्हणजे रुंदी-उंचीचा गट, २० म्हणजे लांबी सुमारे वीस सेंटिमीटर, आणि एल किंवा आर वरून पॉझिटिव्ह कुठल्या बाजूला ते कळतं. हे शेवटचं अक्षर चुकलं तर केबल पोचत नाही, मग लोक ती ओढूनताणून बसवतात. ते धोक्याचं आहे. पहिला आकडा मात्र वाढला तरी चालतो. ४२ किंवा ४४ बी २० एल असेल तर डबा तोच, ताकद थोडी जास्त. त्याने अल्टरनेटर जळतो असं जे सांगतात त्यात तथ्य नाही, गाडीला लागेल तेवढाच करंट ती घेते. पण ट्रेमध्ये न बसणारी मोठी बॅटरी कोंबू नये. वरचा क्लॅम्प बसत नाही, बॅटरी हलत राहते आणि आपल्या रस्त्यांवर आतल्या प्लेटा सैल होतात. क्लॅम्प कसलेला आहे ना, हे बॅटरी बसवल्यावर हाताने हलवून बघा. दुकानातली मुलं घाईत तो तसाच सोडतात.

थंडीत स्टार्ट होण्याची क्षमता, सीसीए, हा आकडा हल्ली ठळक छापलेला असतो. काश्मीर-हिमाचलात त्याला महत्त्व आहे. विदर्भात नाही. आपल्याकडे बॅटरी मारतं ते ऊन. तापमान दर दहा अंशांनी वाढलं की बॅटरीचं आयुष्य साधारण निम्म्यावर येतं, हा या धंद्यातला जुना ठोकताळा आहे. मे महिन्यात नागपूर-चंद्रपूर-अकोल्यात बाहेर पंचेचाळीस अंश असतात, बोनेटखाली त्याहून किती तरी जास्त. म्हणून इथली बॅटरी खराब होते उन्हाळ्यात आणि बंद पडते पावसाळ्यात किंवा पहिल्या थंडीत. लोकांना वाटतं थंडीने गेली.

यावरूनच ताजेपणाचा मुद्दा. बॅटरी नुसती शेल्फवर असली तरी दर महिन्याला थोडी उतरते, आणि उन्हाळ्यात तापलेल्या दुकानात जास्तच. वॉरंटी बिलाच्या तारखेपासून सुरू होते, बॅटरीचं म्हातारपण मात्र कारखान्यातून निघाल्यापासून. वर किंवा बाजूला उत्पादनाचा कोड ठोकलेला असतो. प्रत्येक कंपनीची लिहायची पद्धत वेगळी, त्यामुळे सरळ दुकानदारालाच वाचून दाखवायला सांगायचं. तीन महिन्यांच्या आतली असेल तर घ्यावी. सहा महिने झालेली कितीही सवलतीत मिळाली तरी नको. शिवाय तिथेच मीटर लावायचा. पूर्ण भरलेली, काही तास शांत पडून असलेली बॅटरी १२.६ ते १२.७ दाखवते. १२.४ असेल तर पाऊण भरलेली आहे. एका दुकानात मला ‘काल आलेली’ म्हणून दाखवलेली बॅटरी १२.३ वर होती. मी तिला हातही लावला नाही.

वर हिरवा डोळा असेल तर त्यावर विसंबू नका. बॅटरीत आत सहा कप्पे, म्हणजे सेल असतात, त्यांपैकी एकाच सेलची हालत तो सांगतो. उरलेल्या पाचांतला एखादा बसला असला तरी डोळा हिरवाच.

वॉरंटीबद्दल एक गोष्ट कोणीतरी स्पष्ट लिहायला हवी. डब्यावर महिन्यांचा मोठा आकडा असतो, पण त्यातला पहिला भागच फुकट बदलून मिळण्याचा. उरलेल्या महिन्यांत ‘प्रो-राटा’, म्हणजे नव्या बॅटरीवर टक्केवारीने सूट. ही सूट बहुतेक वेळा छापील किमतीवर मोजतात. समजा छापील किंमत ५,५०० आहे, दुकानात ती जुनी देऊन ४,२०० ला मिळते आणि तुमची सूट २० टक्के. सूट धरून किंमत झाली ४,४००. म्हणजे वॉरंटी न वापरताच स्वस्त! तेव्हा दोन बॅटऱ्यांची तुलना करताना फुकट बदलीचे महिनेच धरा, बाकीचे सोडून द्या. आम्हाला पाच वर्षांचं पासिंग मिळालं आहे, म्हणून फुकट बदलीचे महिने जास्त असलेली बॅटरी चारशे-पाचशे रुपये जादा देऊन घेतली. गाडी वर्षभरात विकायची असेल त्याने साधी घ्यावी.

शेवटी एक्साइडची घेतली, वर पाण्याची बुचं असलेली. जुनी देऊन चार हजारांच्या थोडं वर पडली. त्या दिवशी दुकानात सर्वांत ताजी तीच होती. अ‍ॅमरॉन किंवा टाटा ग्रीन त्या आठवड्यात बनलेली मिळाली असती तर ती घेतली असती. बुचं मात्र मी मुद्दाम बघितली. विदर्भात पाणी उडतंच, आणि सीलबंद बॅटरीत ते भरायची सोय नसते. एजीएम बॅटरीबद्दलही एकाने सुचवलं होतं, म्हणजे जिच्यात अ‍ॅसिड काचेच्या तंतूंच्या पॅडमध्ये शोषलेलं असतं ती. सिग्नलला इंजिन आपोआप बंद-चालू होणाऱ्या गाड्यांसाठी त्या किंवा ईएफबी, म्हणजे साध्या बॅटरीचीच सुधारलेली जात, लागतात, किंमत खूपच जास्त, आणि बोनेटखालची उष्णता एजीएमला मानवत नाही. २०१० च्या वॅगनआरला त्याची काहीच गरज नाही.

आता वापराबद्दल. एप्रिलमध्ये सकाळी, गाडी उघडण्याआधी, १२.६ च्या आसपास असायची. मेच्या शेवटी १२.५. सेल्फ मारताना व्होल्टेज किती खाली जातं हे जास्त सांगून जातं. ही १०.४ पर्यंत जाऊन लगेच वर येते, जुनी नऊच्याही खाली जायची. मला या महिन्यांत सर्वांत समाधान याच आकड्याने दिलं. जूनमध्ये बुचं उघडली तेव्हा दोन सेलचं पाणी खुणेच्या जरा खाली होतं. डिस्टिल्ड वॉटर घातलं, खुणेपर्यंतच. बोअरचं पाणी तर नाहीच, आरओचंही नाही, आणि अ‍ॅसिड तर कधीच नाही, कारण उडतं ते पाणी, अ‍ॅसिड आतच राहतं. गाडी आता दुपारी कडुलिंबाखाली लावतो. बॅटरीभोवतीचं, उष्णता अडवणारं आवरण आधी कोणीतरी फेकून दिलं होतं, ते नवीन आणून घातलं.

पावसाळ्यात टर्मिनलवर पांढरी-हिरवी भुकटी येते, ती या वर्षी आली नाही. बसवतानाच टर्मिनल गरम पाणी नि खाण्याच्या सोड्याने धुऊन, कोरडी करून, घट्ट कसल्यावर वरून पेट्रोलियम जेलीचा हात फिरवला होता. काढताना आधी निगेटिव्ह, बसवताना निगेटिव्ह शेवटी. पॉझिटिव्ह सोडवताना पाना बॉडीला लागला तरी मग ठिणगी उडत नाही.

दिवाळीत सगळे रेल्वेने पुण्याला गेलो, गाडी दोन आठवडे दारात उभी. आल्यावर मीटर १२.४ च्या जरा वर. पहिल्याच सेल्फला चालू झाली. त्याआधीची बॅटरी असती तर शेजाऱ्यांना धक्का मारायला बोलवावं लागलं असतं. डिसेंबरच्या पहाटे, पारा दहाच्या खाली असतानाही, थोडी जड फिरते पण अडत नाही.

न आवडलेलं सांगायचं तर लहान फेऱ्यांत ही बॅटरीही पूर्ण भरत नाही, आणि कुठलीच भरणार नाही. दारात उभी करून पाच मिनिटं इंजिन चालू ठेवण्याने काही साधत नाही, स्टार्ट करताना गेलेलं तेवढंच कसंबसं परत येतं. त्यापेक्षा आठवड्यातून एकदा गाडी रामटेकच्या रस्त्याला तासभर पळवावी. ते जमत नसेल तर घरी छोटा चार्जर लावावा, क्षमतेच्या दहाव्या हिश्शाच्या करंटवर, म्हणजे ३५ च्या बॅटरीला साडेतीन अँपिअर. मोकळ्या हवेत, कारण चार्जिंगच्या वेळी हायड्रोजन सुटतो.

जुनी बॅटरी भंगारवाल्याला देऊ नका. आत शिसं आणि अ‍ॅसिड असतं, आणि २०२२ च्या बॅटरी कचरा नियमांनुसार ती परत गोळा करून पुनर्वापराला पाठवायची जबाबदारी उत्पादकांवर आहे. दुकानदार तिचे पैसे बिलातून वजा करतो, ते वेगळं लिहून घ्या. डिझेल गाडीवाल्यांनी मात्र वरचा सीसीएबद्दलचा सल्ला जसाच्या तसा घेऊ नये. डिझेल इंजिन फिरवायला ताकद बरीच जास्त लागते, तिथे कंपनीने दिलेल्या आकड्याच्या खाली अजिबात जाऊ नये.