एनपीटीईएलवर सिव्हिलचे कोर्स, साइटची नोकरी सांभाळून बरेच महिने वापरल्यानंतरचा अनुभव

एनपीटीईएल, म्हणजे आयआयटीच्या प्राध्यापकांचे फुकट ऑनलाइन कोर्स, हे नाव इंजिनीअरिंगच्या जवळपास प्रत्येक मुलाने ऐकलेलं असतं, पण ऐकलेलं असतं ते "क्रेडिटसाठी करायचा कोर्स" म्हणून, आणि डिग्री हातात आली की परत कुणी तिकडे फिरकत नाही. मला वाटतं त्याचा खरा उपयोग डिग्रीनंतरच सुरू होतो, म्हणून हे सगळं सविस्तर लिहितेय. मी सिव्हिलची. नांदेडला डिप्लोमा, मग बीई, आणि आता नाशिकला एका बिल्डिंग ठेकेदाराकडे साइट इंजिनीअर आहे. गेल्या वर्षीपासून काँक्रीट टेक्नॉलॉजीचा एक कोर्स रीतसर परीक्षा देऊन केला, सॉइल मेकॅनिक्सची जुनी लेक्चर्स नुसती बघितली, आणि आता बांधकाम साहित्यावरचा एक चालू आहे. पैसे भरले ते फक्त परीक्षेचे, हजार रुपये. बाकी कोर्सला नाव घालणं, व्हिडिओ, असाइनमेंट सगळं फुकट.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. 1999 च्या सुमारास एनपीटीईएलची कल्पना निघाली आणि 2003 मध्ये केंद्र सरकारच्या पैशातून काम सुरू झालं. सात आयआयटी, म्हणजे मुंबई, दिल्ली, मद्रास, कानपूर, खरगपूर, रुरकी, गुवाहाटी, आणि त्यांच्या जोडीला बंगळुरूची आयआयएससी, या सगळ्यांनी मिळून आपले प्राध्यापक जे वर्गात शिकवतात तेच रेकॉर्ड करून सगळ्यांसाठी खुलं करायचं असं ठरवलं. 2014 पासून त्यात आठवड्याच्या असाइनमेंट आणि शेवटी सेंटरवर जाऊन द्यायची परीक्षा आली, त्यानंतर 2017 ला केंद्र सरकारचं ऑनलाइन कोर्सचं स्वयम पोर्टल आलं आणि आता नोंदणी तिथूनच होते.

आयआयटी म्हटलं की आपल्याकडे बोलणं होतं ते जेईईचं, कोटाच्या क्लासचं आणि पॅकेजचं. तेवीस आयआयटी मिळून बीटेकच्या जागा सतरा-अठरा हजार, आणि नुसत्या जेईई अ‍ॅडव्हान्स्डला बसणारी मुलंच पावणेदोन लाखांच्या पुढे, मेनला बसणारे तर त्याच्या कितीतरी पट. पण या संस्था उभ्या राहिल्या त्या सगळ्या देशाच्या पैशावर. खरगपूर 1951 ला सुरू झाली, मुंबईची 1958 ला, युनेस्कोमार्फत आलेल्या सोव्हिएत मदतीवर, आणि पवईचा कॅम्पस तयार व्हायच्या आधी पहिली शंभर मुलं वरळीला सस्मिरा या कापड संशोधन संस्थेच्या इमारतीत शिकत होती. ज्या काळात देशाकडे धान्य घ्यायला पैसा नव्हता त्या काळात हे उभं केलंय लोकांनी, तर त्या वर्गात काय शिकवतात हे नांदेडच्या डिप्लोमावाल्या मुलीला कळायला नको का? मला वाटतं या संस्थांनी देशासाठी जी कामं केली त्यात एनपीटीईएल फार वरचं आहे, पण पेपरात त्याबद्दल कधी मोठी बातमी येत नाही.

आता प्रत्यक्ष अनुभव. बारा आठवड्यांचा कोर्स असतो, आठचे आणि चारचेही आहेत. दर आठवड्याला अर्ध्या-अर्ध्या तासाचे पाचेक व्हिडिओ, आणि त्यावर एक असाइनमेंट, जी माझ्या कोर्सला बुधवारी रात्री बारापर्यंत द्यावी लागायची. बुधवार आणि स्लॅबचा दिवस एकत्र आला की अवघड होतं हे खरं आहे, स्लॅब संपून घरी यायलाच दहा वाजतात, पण बारापैकी चांगल्या आठच असाइनमेंट धरतात त्यामुळे तीन-चार हुकल्या तरी चालतं. नोकरी करणाऱ्यांसाठी हा नियम फार मोठा आधार आहे. निकालात 25 मार्क असाइनमेंटचे आणि 75 परीक्षेचे, दोन्हीकडे वेगवेगळं पास व्हावं लागतं, 60 च्या वर गेलात तर सर्टिफिकेटवर एलिट येतं आणि 90 च्या वर गोल्ड.

पण सर्टिफिकेटसाठी हे लिहीत नाहीये. मला काय मिळालं ते एका उदाहरणाने सांगते.

साइटवर रोजचा एक प्रसंग असतो. आरएमसीची, म्हणजे प्लँटवरून तयार काँक्रीट आणणारी गाडी येते, ट्रॅफिकमध्ये अडकल्याने माल घट्ट झालेला असतो, आणि पंपवाला म्हणतो, "मॅडम, माल लय घट्ट आलाय, पंप चोक होईल, दोन बादल्या पाणी सोडू का?" आता पाणी टाकायचं नाही हे आम्हाला कॉलेजातच शिकवलेलं असतं. पाणी-सिमेंट गुणोत्तर वाढलं की ताकद कमी होते, हे वाक्य परीक्षेत लिहून मार्कही घेतलेले असतात. पण समोर गाडी उभी, मागे अजून दोन गाड्या, मुकादम ओरडतोय, ठेकेदाराचा फोन, अशा वेळी ते वाक्य टिकत नाही कारण ते का खरं आहे हे डोळ्यासमोर नसतं. आयआयटी दिल्लीच्या भट्टाचार्जी सरांच्या काँक्रीटच्या लेक्चरमधून ते माझ्या डोळ्यासमोर आलं. सिमेंटला रासायनिक क्रियेसाठी स्वतःच्या वजनाच्या साधारण 23 टक्के पाणी लागतं, आणखी 15 टक्क्यांच्या आसपास त्या क्रियेतून बनणाऱ्या जेलच्या बारीक छिद्रांत अडकून राहतं, म्हणजे 0.38 च्या जवळपास काम भागतं. त्याच्या वर जे पाणी घालतो ते फक्त माल हलवायला सोपा जावा म्हणून, आणि ते पाणी नंतर उडून जातं आणि आपल्या जागी पोकळी ठेवून जातं. ती पोकळी कॉलमच्या आत कायमची राहते, तिच्यातून पुढे ओल आणि हवा सळईपर्यंत जाते आणि गंज धरतो. हे कळल्यावर मी पंपवाल्याला नुसतं "नाही" म्हणत नाही, प्लँटच्या माणसाला बोलावून त्याच्याच देखरेखीखाली अ‍ॅडमिक्श्चरचा, म्हणजे पाणी न वाढवता माल सैल करणाऱ्या रसायनाचा डोस थोडा वाढवून घेते, गाडी नीट फिरवून परत स्लम्प, म्हणजे माल किती सैल आहे ते बघते, आणि बाहेर पडल्यापासून जास्तच वेळ गेला असेल तर गाडी परत पाठवते. एकदा मुकादमालाही हे पोकळीचं समजावून सांगितलं, त्याला पटलं, आता तोच पोरांना पाण्याच्या पाइपाला हात लावू देत नाही.

दुसरं म्हणजे 1.65 चा आकडा. मिक्स डिझाइन, म्हणजे काँक्रीटमध्ये काय किती घालायचं ते ठरवणं, केलेल्या प्रत्येकाला पाठ असतं, एम 25, म्हणजे 25 च्या ताकदीचं काँक्रीट पाहिजे असेल तर 25 अधिक 1.65 गुणिले स्टँडर्ड डेव्हिएशन (निकाल किती विखुरतात त्याचं माप), ते 4 धरलं की टार्गेट येतं 31.6. पण 1.65 च का? तर एकच मिक्स शंभर वेळा केलं तरी चाचणीचे क्यूब शंभर वेगवेगळ्या ताकदीला फुटतात, ते आकडे मांडले की घंटेच्या आकाराचा वक्र येतो, आणि 25 च्या खाली पाचच टक्के निकाल जावेत असं हवं असेल तर सरासरी तेवढी वर उचलावी लागते. म्हणजे ज्या प्लँटचं काम बेशिस्त, वाळूतला ओलावा मोजत नाहीत, त्यांचं डेव्हिएशन जास्त आणि त्यांना तेवढंच सिमेंट जास्त घालावं लागणार. शिस्त म्हणजे पैसा, हे मला पहिल्यांदा आकड्यात दिसलं. त्यानंतर मी आमच्या साइटचे जुने क्यूब रिपोर्ट काढून एक्सेलमध्ये टाकले आणि पावसाळ्यातले निकाल किती पसरलेत ते साहेबांना दाखवलं, आणि वाळू ताडपत्रीने झाकायचं जे काम नुसतं सांगून होत नव्हतं ते झालं.

शिकवण्याची पद्धत सगळीकडे सारखी नाही हेही सांगायला हवं. जुनी लेक्चर्स, म्हणजे 2005-2010 च्या काळातली, व्हिडिओ म्हणून साधी आहेत, एक कॅमेरा, एक फळा किंवा स्लाइड. कुणाला कंटाळा येईल. मला उलट तीच जास्त आवडली कारण सर घाई करत नाहीत, फळ्यावर एकेक पायरी लिहितात आणि तुम्ही थांबवून वहीत लिहू शकता. आयआयटी मुंबईच्या विश्वनाधम सरांचं सॉइल मेकॅनिक्स मी असंच बघितलं, रात्री जेवणानंतर, वही घेऊन. फिजिक्सवाल्यांना आयआयटी मद्रासच्या बालकृष्णन सरांची लेक्चर्स माहीत असतीलच, ती तर परदेशातली मुलंही बघतात. नवीन कोर्समध्ये व्हिडिओ छोटे, चित्रं चांगली, मद्रासच्या मनु संतानम सरांच्या काँक्रीटच्या कोर्समध्ये मायक्रोस्कोपखालचं सिमेंट दाखवतात ते बघण्यासारखं आहे.

आता त्रुटी, आणि त्या मनापासून सांगतेय कारण हे अजून चांगलं व्हावं अशी इच्छा आहे.

सगळ्यात मोठी अडचण भाषेची. शिकवणं इंग्रजीत, आणि उच्चार बंगाली, तमिळ, तेलुगू असे वेगवेगळे, पहिले दोन आठवडे कान बसेपर्यंत जड जातं. निवडक कोर्सचे मजकूर मराठीसकट अकरा भारतीय भाषांत केलेत आणि ते चांगलं काम आहे, पण वाचायला मजकूर मिळणं आणि कुणीतरी मराठीत समजावून सांगणं यात फरक पडतो. माझ्यासोबत एक डिप्लोमाचा मुलगा आहे, हुशार, सळ्यांचं शेड्यूल तोंडपाठ, तो पहिल्या आठवड्यातच म्हणाला, ताई मला इंग्रजी ऐकताना विषय सुटतो. मग आम्ही असं केलं की एक व्हिडिओ मी बघायचा आणि जेवणाच्या सुट्टीत त्याला मराठीत सांगायचा. माझंही पक्कं झालं. पण असं सगळीकडे कोण करणार? या बाबतीत आयआयटी मुंबईचा स्पोकन ट्युटोरियल प्रकल्प मला जास्त पुढे गेलेला वाटतो, दहा-दहा मिनिटांचे धडे, मराठीत आवाज दिलेले, बघत बघत स्वतः करून पाहायचं, लिब्रेऑफिस, पायथन, सायलॅब असं बरंच काही आहे. तिथे विषय मुख्यतः सॉफ्टवेअरचे आहेत, तसं काँक्रीटचं कुणी केलं तर महाराष्ट्रातला प्रत्येक सुपरवायझर बघेल.

दुसरं, प्रयोगशाळा नाही. स्लम्प कोन कसा भरायचा हे व्हिडिओत कितीही छान दाखवलं तरी हाताने तीन थर भरून प्रत्येकाला पंचवीस ठोके दिल्याशिवाय कळत नाही. मला साइट होती म्हणून मी लगेच करून बघू शकले. ज्या मुलांच्या कॉलेजात क्यूब फोडायचं मशीन वर्षभर बंद असतं त्यांचं काय, हा प्रश्न कुठलाच ऑनलाइन कोर्स सोडवू शकत नाही आणि सोडवेल असं कुणी समजूही नये. मला भीती याचीच वाटते. यूजीसीच्या 2021 च्या नियमांप्रमाणे एका सेमिस्टरचे 40 टक्क्यांपर्यंत विषय स्वयमवरून घेता येतात. चांगल्या कॉलेजात याचा उपयोग होईल, मुलांना आपल्या गावात न मिळणारा विषय शिकता येईल. पण जिथे शिक्षकांच्या जागाच भरलेल्या नाहीत तिथे हाच नियम शिक्षक न नेमायला कारण होऊ शकतो. आयआयटीतला प्राध्यापक स्क्रीनवर आला म्हणून वर्गातला प्राध्यापक नको असं होत नाही, वर्गातल्याने शंका सोडवल्या तरच स्क्रीनवरचा उपयोगी पडतो.

तिसरं, असाइनमेंटची उत्तरं. कोर्स चालू असतानाच टेलिग्राम आणि यूट्यूबवर उत्तरं फिरत असतात, आणि कॉलेजने सक्ती केलेली मुलं तिथून बघून भरतात. त्यांना पूर्ण दोषही देता येत नाही, एका वेळी सहा विषय, प्रॅक्टिकल, वर हे. पण मग बारा आठवड्यांत एकही व्हिडिओ न बघता सर्टिफिकेट मिळवायचा प्रयत्न होतो आणि परीक्षेत दांडी उडते, कारण सेंटरवर तीन तास एकटं बसावं लागतं. ती परीक्षा तशीच कडक राहावी असं माझं स्पष्ट मत आहे, सर्टिफिकेटला जी काही किंमत आहे ती त्या परीक्षेमुळे आहे.

नोकरीत याचा थेट फायदा होतो का असं खूप जण विचारतात. पगार वाढला नाही, प्रमोशनही सर्टिफिकेट बघून कुणी देत नाही. पण कन्सल्टंट साइटवर येतो तेव्हा मी त्याच्याशी बोलू शकते, त्याने क्यूब रिपोर्टवर बोट ठेवलं तर तीन क्यूबच्या सरासरीपासून एखादा 15 टक्क्यांपेक्षा जास्त का हलला याचं उत्तर माझ्याकडे असतं, आणि आता मिक्स डिझाइनच्या मीटिंगला मला बोलावतात. गेट, म्हणजे एमटेकच्या प्रवेशाची परीक्षा देणाऱ्यांना तर हे सोन्यासारखं आहे, मूळ विषय पक्का होतो आणि गेटचे सोडवलेले प्रश्नही तिथे वेगळे मिळतात.

कुणाला सुरू करायचं असेल तर कोर्सची दोन सत्रं असतात, जानेवारीला आणि जुलैला सुरू होणारी. पहिल्यांदा एकच कोर्स घ्या आणि रोजच्या कामाशी जोडलेला घ्या. परीक्षेचे पैसे लगेच भरायची घाई नको, दोन-तीन आठवडे बघा, झेपतंय असं वाटलं तर शेवटच्या तारखेच्या आत भरा, अनुसूचित जाती-जमाती आणि दिव्यांगांना सवलत आहे ती चौकशी करून घ्या. वेग कमी वाटला तर व्हिडिओ सव्वापट करून चालतो, पण गणिताच्या भागात नको. डिप्लोमावाल्यांनी थेट अ‍ॅडव्हान्स्ड कोर्सला हात घालू नका, आधी बेसिक कन्स्ट्रक्शन मटेरियल्सचा करा, त्यातलं इंग्रजी आणि गणित दोन्ही सोपं आहे, आणि शक्य असेल तर साइटवरच्या कुणालातरी सोबत घेऊन करा.