लॅटिन इतिहासकार वाचायचेत, पण सुरुवात कोणापासून करावी?

लॅटिनचं प्राथमिक व्याकरण संपलं की पुढे ज्युलियस सीझर वाचायचा, ही रीत शतकानुशतकं चालत आली आहे. ती चुकीची नाही. पण सीझर, सॅलस्ट, लिव्ही आणि टॅसिटस यांची पानं शेजारी ठेवून पाहिली की एकाच भाषेत इतिहास किती निरनिराळ्या आवाजांत सांगता येतो ते दिसतं. चौघांनाही पुरेल इतका वेळ फार थोड्यांकडे असतो. माझं मत आधीच सांगून टाकते: सीझर सरावापुरता वाचा, पण अथपासून इतिपर्यंत वाचायचा पहिला इतिहासकार सॅलस्ट असू द्या.

सीझरच्या बाजूने बोलायला बरंच काही आहे. गॉलच्या (आजच्या फ्रान्सच्या आसपासच्या प्रदेशातल्या) युद्धाच्या वृत्तांतात त्याची शब्दसंपत्ती मुद्दाम आटोपशीर ठेवलेली आहे. अनोळखी शब्द समुद्रातल्या खडकासारखा टाळावा, हा त्याचाच सल्ला होता. ‘हिस रेबुस कोग्नितिस’, म्हणजे ‘हे समजल्यावर’, अशा रचना पानोपानी भेटतात. संस्कृत शिकलेल्यांना त्यात सती सप्तमीची ओळख लगेच पटेल, फक्त इथे विभक्ती ॲब्लेटिव्ह, म्हणजे साधारण आपल्या पंचमीसारखी. स्वतःबद्दलही तो ‘सीझरने असं केलं’ असंच लिहितो. त्याने सगळा शृंगार उतरवून ठेवलेला आहे, आणि त्याचा समकालीन वक्ता सिसेरो याने त्याचं कौतुक केलं ते यासाठीच.

अडचण येते ती भाषणांपाशी. पहिल्याच पुस्तकात दिविको आणि आरिओविस्तुस हे सीझरच्या विरोधातल्या टोळ्यांचे नेते बोलतात ते अप्रत्यक्ष कथनात, आणि तिथे कोण कोणाला ‘तो’ म्हणतोय हे शोधण्यातच नवशिक्याचा दम निघतो. शिवाय सीझर दर वेळी लहान वाक्यं लिहितो असंही नाही. दुसऱ्या पुस्तकाचं पंचविसावं प्रकरण बघा. नेर्वी लोकांनी रोमन सैन्याला कोंडीत पकडलंय. ध्वज गेलेला, सेंच्युरियन (तुकड्यांचे नायक) मेलेले किंवा जखमी, मागचे लोक काढता पाय घेतायत, हे सगळं एकाच वाक्यात साठत जातं. मग सीझर मागच्या रांगेतल्या एका सैनिकाची ढाल ओढून घेतो आणि तेव्हा कुठे ‘प्रोकेस्सित’, ‘तो पुढे सरसावला’, हे क्रियापद येतं. फार सुंदर वाक्य आहे, पण पहिल्या महिन्यात झेपणारं नाही.

आता सॅलस्ट. इ. स. पू. ६३ मध्ये कॅटिलिना या रोमन सरदाराने सत्ता उलथवण्यासाठी केलेल्या कटावरचं त्याचं पुस्तक ६१ लहान प्रकरणांचं आहे आणि पूर्ण टिकलेलं आहे. हा फायदा मोठा आहे, कारण एक अख्खा लॅटिन इतिहास वाचून संपवल्याचं बळ पुढे फार उपयोगी पडतं. पाचव्या प्रकरणात कॅटिलिनाचं व्यक्तिचित्र आहे: ‘आलिएनी आप्पेतेन्स, सुई प्रोफुसुस’. दुसऱ्याच्या मालावर डोळा, स्वतःचा उधळणारा. चार शब्द, क्रियापद नाही, उभयान्वयी अव्यय नाही, आणि माणूस डोळ्यांसमोर उभा. पुढे ३१ व्या प्रकरणात रोममधल्या बायकांची घबराट येते. तिथे तो क्रियापदं चालवतच नाही, नुसते इन्फिनिटिव्ह, म्हणजे ‘करणं’सारखी रूपं, रचत जातो: ऊर बडवणं, आकाशाकडे हात पसरणं, लेकरांसाठी कळवळणं, पुन्हा पुन्हा विचारणं, सगळ्याचीच भीती वाटणं. मराठीलाही ही लकब परकी नाही, म्हणून ती आपल्याला लगेच भिडते.

त्रास होतो तो जुनाट वळणाचा. ‘मॅक्सिमुस’ऐवजी ‘मॅक्सुमुस’, ‘लिबिदो’ऐवजी ‘लुबिदो’ अशी रूपं तो हौसेने वापरतो. कोशात शब्द सापडेना झाला की स्वर बदलून पाहायचा. आठवडाभरात हात बसतो. पहिली चार प्रकरणं तात्त्विक प्रस्तावनेची आहेत, ती मागाहून वाचली तरी चालतात.

या शिफारशीविरुद्ध खुद्द क्विंटिलियन, रोममधला नामवंत वक्तृत्वशिक्षक, उभा आहे, हे सांगायलाच हवं. मुलांना सॅलस्टपेक्षा लिव्ही द्यावा, असं तो लिहितो. सॅलस्ट इतिहासकार म्हणून मोठा, पण तो समजायला तयारी लागते. मात्र क्विंटिलियनची मुलं कानावर लॅटिन पडत वाढलेली होती. लांबलचक वाक्य त्यांना ऐकताऐकता उलगडायचं. आपण डोळ्यांनी कर्ता-क्रियापद जुळवत वाचतो, त्यामुळे आपल्याला आखूड आणि तुटक वाक्य जास्त मानवतं.

लिव्हीची वाक्यं ऐसपैस आहेत. क्विंटिलियननेच त्याच्या शैलीला दुधाळ समृद्धी म्हटलंय. त्याच्या रोमच्या इतिहासाच्या १४२ पुस्तकांपैकी ३५ उरली आहेत, तेव्हा ‘पूर्ण लिव्ही’ हा विचारच सोडा. पण गोष्टीची ओढ असेल तर याच्यासारखा कोणी नाही. एकविसाव्या पुस्तकात हॅनिबल आल्प्स ओलांडतो तो भाग घ्या. माथ्यावर पोचल्यावर तो थकलेल्या सैनिकांना खाली पसरलेली इटली दाखवतो, तिथे लांब वाक्याचं सार्थक होतं. गोष्ट ओळखीची असली की वाक्याचा धागाही सुटत नाही.

टॅसिटस मात्र शेवटी. तो अर्धं बोलतो आणि अर्धं वाचकावर सोडतो, समांतर रचना येणार असं वाटताच मुद्दाम मोडतो. सम्राट गाल्बाबद्दल तो म्हणतो, की तो राज्य करायला लायक आहे यावर सर्वांचं एकमत होतं, ‘निसि इम्पेरास्सेत’, त्याने राज्य केलं नसतं तर. शेवटच्या दोन शब्दांत आधीची सगळी स्तुती कोसळते. हा घाव जाणवायला आधी साध्या वाक्याची सवय हवी.

आणि ती सवय सॅलस्टच लावतो. टॅसिटसच्या ‘आनालेस’ या इतिहासग्रंथाचं पहिलंच वाक्य पाहा: ‘उर्बेम रोमाम आ प्रिंकिपिओ रेगेस हाबुएरे’. रोम शहर आरंभी राजांच्या ताब्यात होतं. ‘हाबुएरुन्त’ न लिहिता ‘हाबुएरे’ लिहिणं ही सॅलस्टची आवडती सवय. टॅसिटसने पुढे त्याला रोमन इतिहासाचा अत्यंत तेजस्वी लेखक म्हटलं आहे. म्हणून सीझरचं एक पुस्तक, मग कॅटिलिना पूर्ण, आणि त्यानंतर मन गोष्टीकडे ओढत असेल तर लिव्ही, सत्तेच्या अंधाराकडे ओढत असेल तर टॅसिटस. फक्त परीक्षेपुरतं लॅटिन हवं असेल, तर सीझरवर थांबलात तरी काम भागेल.